हप्ता परवडतो, पण घर शेवटी कितीला पडतं?
गृहकर्ज घेणाऱ्या आणि फेडत असलेल्या आमच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

आमच्या कार्यालयात गृहकर्जाबद्दल विचारायला येणाऱ्यांचा पहिला प्रश्न बहुतेक वेळा एकच असतो: "हप्ता किती बसेल?" प्रश्न रास्त आहे. पगारातून घरखर्च, मुलांची फी, आईवडिलांची औषधं भागवून हप्ता निघायला हवा. पण हप्ता म्हणजे कर्जाची किंमत नव्हे. किंमत ठरते ती तीन गोष्टींवर: मुदत, दरातले बदल आणि पहिल्या काही वर्षांत तुम्ही काय करता. हे पत्रक त्यासाठीच काढलं आहे. आम्ही कर्ज विकत नाही आणि कुठल्याही बँकेकडून कमिशन घेत नाही. तुमची विवरणपत्रं भरतो, कागद वाचून देतो आणि आकडेमोड करून देतो.

सगळीकडे एकच उदाहरण घेऊ. पुण्यात, समजा धायरीत, 65 लाखांचा फ्लॅट. कर्ज 50 लाख, दर 8.5 टक्के, मुदत 20 वर्षं. हप्ता येतो 43,391 रुपये.

20 वर्षांत बँकेला जातात 1 कोटी 4 लाख 14 हजारांच्या आसपास. म्हणजे 50 लाख मुद्दल आणि 54 लाख 14 हजार व्याज. आता हप्ता कमी व्हावा म्हणून मुदत 25 वर्षं केली, तर हप्ता 40,261 होतो, पण व्याज 70 लाख 78 हजारांवर जातं. 30 वर्षं केली, तर हप्ता 38,446 आणि व्याज 88 लाख 40 हजार. 20 वरून 30 वर्षांवर गेल्याने महिन्याला पाच हजारांपेक्षा थोडेच कमी भरावे लागतात, आणि त्यासाठी 34 लाखांहून जास्त व्याज वाढतं. उलट 15 वर्षं घेतली तर हप्ता 49,237 आणि व्याज 38 लाख 63 हजार. मंजुरीच्या वेळी "मुदत वाढवून घ्या, हप्ता हलका होईल" असं सहज सांगितलं जातं. तेव्हा हे चार आकडे समोर ठेवा.

पहिल्या वर्षाचं स्टेटमेंट उघडून बघा

व्याज शिल्लक मुद्दलावर लागतं, म्हणून सुरुवातीला ते सगळ्यात जास्त असतं. वरच्या कर्जाच्या पहिल्या हप्त्यातले 35,417 रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटतं फक्त 7,974 रुपयांनी. वर्षभरात तुम्ही 5 लाख 21 हजार भरता, मुद्दल कमी होतं एक लाखाहूनही कमी. पाच वर्षांनी हिशेब बघितला तर भरलेले असतात 26 लाख आणि शिल्लक असते 44 लाख 6 हजार. अर्धं मुद्दल फिटायला साडेतेरा वर्षांहून जास्त काळ जातो.

यात बँकेने काही लबाडी केलेली नसते, हे गणितच तसं आहे. पण ते माहीत नसल्यामुळे सहाव्या-सातव्या वर्षी घर विकायला निघालेली माणसं शिल्लक रक्कम ऐकून हबकतात. असं होऊ नये, म्हणून कर्ज सुरू होतानाच अमॉर्टायझेशन शेड्यूल मागून घ्या. प्रत्येक हप्त्यातलं व्याज किती, मुद्दल किती, हे त्यात ओळीने लिहिलेलं असतं.

दर वाढला की हप्ता तोच राहतो, मुदत पळते

बहुतेक गृहकर्जं बदलत्या दराची असतात. 1 ऑक्टोबर 2019 पासून बँकांना अशी नवी कर्जं बाहेरच्या मापदंडाशी जोडावी लागतात. बहुतेक बँकांनी त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती ज्या दराने बँकांना उसने पैसे देते तो दर, धरला आहे. रेपोवर बँक आपला स्प्रेड, म्हणजे वरचे काही टक्के, लावते आणि तो तुमचा दर होतो. गृहवित्त कंपन्यांना ही सक्ती नाही, त्यांचा दर त्यांनी स्वतः ठरवलेल्या मूळ दरावर, म्हणजे प्राइम रेटवर, चालतो. त्यामुळे रेपो कमी झाल्याची बातमी आली म्हणजे तुमचा दर उतरलाच, असं गृहीत धरू नका. 2019 पूर्वीचं बँकेचं कर्ज असेल, तर ते अजून एमसीएलआरवर, म्हणजे बँकेच्या स्वतःच्या खर्चावरून ठरणाऱ्या जुन्या पद्धतीच्या दरावर, आहे का, हेही विचारा.

मे 2022 च्या सुरुवातीला रेपो 4 टक्के होता. फेब्रुवारी 2023 पर्यंत तो 6.50 वर गेला. त्याआधी 6.75 टक्क्यांच्या आसपास 50 लाख घेतलेल्या माणसाचा 20 वर्षांचा हप्ता होता 38,018. दर 9.25 झाल्यावर 50 लाखांवरचं महिन्याचं नुसतं व्याजच 38,542 होतं, जुन्या हप्त्याहून जास्त. तोपर्यंत थोडं मुद्दल फिटलेलं, म्हणून हप्त्यात व्याज कसंबसं भागत होतं आणि मुद्दलात जायला जेमतेम काही शे रुपये उरत होते. खात्यातून रक्कम तेवढीच कापली जात होती, म्हणून अनेकांना पत्ताच लागला नाही. मुदत मात्र निवृत्तीच्या पलीकडे गेली होती.

या अनुभवानंतर ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हा पर्याय कर्जदाराला द्यायचा. हप्ता किंवा मुदत बदलली तर कळवायचं. दर तिमाहीला आतापर्यंत भरलेलं मुद्दल आणि व्याज, हप्ता, उरलेले हप्ते आणि दर दाखवणारं स्टेटमेंट उपलब्ध करायचं. हा तुमचा हक्क आहे. दर तीन महिन्यांनी त्यातला एक आकडा नक्की बघा: उरलेल्या हप्त्यांची संख्या. ती तीनने कमी झालेली नसेल, तर शाखेत जाऊन विचारा.

दर उतरल्यावरही हे लागू आहे. फेब्रुवारी 2025 पासून रेपो खाली येऊ लागला. तेव्हा ज्यांनी हप्ता कमी करून न घेता तोच चालू ठेवला, त्यांची मुदत आपोआप कमी झाली. शक्य असेल त्याने तसंच करावं, असं आमचं स्पष्ट मत आहे.

हप्त्याच्या बाहेरचे पैसे

65 लाखांच्या फ्लॅटला पुणे महापालिका हद्दीत सात टक्के मुद्रांक शुल्क म्हणजे 4 लाख 55 हजार आणि नोंदणी शुल्क 30 हजार. खरेदी फक्त महिलेच्या नावाने असेल तर शुल्कात एक टक्का सूट मिळते, इथे 65 हजारांची. इमारत बांधकामात असेल तर पाच टक्के जीएसटी, आणखी 3 लाख 25 हजार. भोगवटा प्रमाणपत्र मिळालेल्या इमारतीतल्या घराला जीएसटी नाही. 30 लाखांवरच्या आणि 75 लाखांपर्यंतच्या कर्जात बँक घराच्या किमतीच्या जास्तीत जास्त 80 टक्के देऊ शकते आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क, नोंदणी धरत नाहीत. म्हणजे हे सगळे पैसे तुमच्या बचतीतून जातात. त्यासाठी वेगळं वैयक्तिक कर्ज काढण्याची वेळ येत असेल, तर घर घ्यायला थोडं थांबा.

बँकेकडचे खर्च वेगळे: प्रोसेसिंग फी आणि तिच्यावर 18 टक्के जीएसटी, मालकीहक्क तपासणारा वकिलाचा सर्च रिपोर्ट, मूल्यांकन, घराची मूळ कागदपत्रं (टायटल डीड) बँकेकडे ठेवल्याच्या दस्तावरचं मुद्रांक शुल्क, त्या कर्जाची निबंधकाकडे सूचना देण्याची, म्हणजे नोटीस ऑफ इंटिमेशनची फी. प्रत्येक रक्कम छोटी दिसते, बेरीज तशी राहत नाही. 1 ऑक्टोबर 2024 पासून कर्ज देणाऱ्याला मुख्य तथ्यपत्रक द्यावं लागतं. हे सगळे खर्च धरून येणारा वार्षिक टक्केवारी दर, म्हणजे एपीआर, त्यात लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावर करू नका, एपीआरवर करा.

विम्याबद्दल थोडं सविस्तर सांगायला हवं. कर्जाला विम्याचं संरक्षण असावंच, घरात एकच कमावता असेल तर नक्कीच. पण तो कर्ज देणाऱ्याच्याच ओळखीच्या कंपनीकडून, एकरकमी हप्ता कर्जात मिसळून घ्यावा अशी सक्ती नाही. दीड लाखाचा विमा हप्ता 8.5 टक्क्यांनी 20 वर्षांच्या कर्जात घातला, तर तो शेवटी 3 लाख 12 हजारांना पडतो. शिवाय पाच वर्षांनी कर्ज दुसरीकडे नेलं तर तो विमा सोबत येईलच असं नाही. साधा टर्म विमा वेगळा घ्या आणि दोन्हीचे आकडे शेजारी ठेवून बघा.

बांधकामातल्या इमारतीत आणखी एक खर्च लपलेला असतो. बँकेने 30 लाख बिल्डरला दिले असतील, तर ताबा मिळेपर्यंत महिन्याला 21,250 रुपये नुसतं व्याज जातं. सोबत राहत्या घराचं भाडंही चालू असतं. या नुसत्या व्याजाच्या हप्त्यातून, म्हणजे प्री-ईएमआयमधून, मुद्दलाचा एक रुपयाही फिटत नाही. ताबा वर्षभर लांबला तर अडीच लाख रुपये असेच जातात. शक्य असेल तर पूर्ण हप्ता पहिल्यापासून सुरू करा.

जादा भरणा: लवकर, आणि लेखी सूचनेसह

बदलत्या दराचं वैयक्तिक गृहकर्ज मुदतीआधी फेडलं तर बँकेला दंड लावता येत नाही. हा नियम 2012 पासून आहे. तरी त्याचा फायदा घेणारे फार थोडे दिसतात, आणि घेणाऱ्यांतलेही बरेच जण उशिरा घेतात.

आपल्या उदाहरणात पहिलं वर्ष संपताना 2 लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर कर्ज सुमारे 21 महिने आधी संपतं आणि 7 लाख 29 हजारांच्या आसपास व्याज वाचतं. तेच 2 लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर वाचतात जेमतेम एक लाख. पैसे तेवढेच, फरक फक्त वेळेचा.

हे पैसे भरताना अर्जात "हप्ता तोच ठेवावा, मुदत कमी करावी" असं स्पष्ट लिहा आणि पोचपावती घ्या. मुदत तशीच ठेवून हप्ता कमी केला, तर पहिल्या वर्षाअखेर भरलेल्या त्याच 2 लाखांतून 7 लाखांऐवजी फक्त 2 लाखांच्या आसपास वाचतात. आमच्या पाहण्यात हे नुकसान सगळ्यात जास्त येतं आणि ते टाळायला फक्त एक ओळ लिहावी लागते.

एकरकमी पैसे नसतील तर दरवर्षी हप्ता पाच टक्क्यांनी वाढवा. दुसऱ्या वर्षी 43,391 चे 45,561. पगारवाढीतून एवढं निघतं. असं नेमाने केलं तर 20 वर्षांचं कर्ज सव्वाबारा वर्षांत संपतं आणि व्याज 54 लाखांवरून साडेचौतीस लाखांच्या जवळ येतं. म्हणूनच सुरुवातीला 20 वर्षांचा झेपेल असा हप्ता घ्या आणि तो वाढवत न्या, असं आम्ही सांगतो. नोकरीत अडचण आली तर वाढ थांबवून मूळ हप्त्यावर येण्याची सोय राहते.

मात्र सहा हप्त्यांएवढी रक्कम हाताशी ठेवल्याशिवाय जादा भरणा करू नका. क्रेडिट कार्डाची थकबाकी असेल तर ती आधी फेडा. एसआयपी, म्हणजे म्युच्युअल फंडातली दरमहा गुंतवणूक, थांबवून कर्ज फेडावं का, असंही विचारलं जातं. कर्जावर वाचणारे साडेआठ टक्के खात्रीचे असतात, बाजारातला परतावा खात्रीचा नसतो. बाजार पडला की ज्यांची झोप उडते त्यांनी कर्ज फेडावं. बाकीच्यांनी पैसे दोन्हीकडे विभागावेत.

20 वर्षांत रुपयाची किंमत कमी होते, हेही खरं आहे. शेवटच्या वर्षीचे 43 हजार आजच्या 43 हजारांइतके जड वाटणार नाहीत. त्यामुळे एक कोटीचा आकडा बघून घाबरून घर घेऊच नये, असं आमचं म्हणणं नाही.

करसवलतीसाठी कर्ज ठेवावं, हा सल्ला मात्र आम्हाला पटत नाही. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला 2 लाखांपर्यंतची वजावट फक्त जुन्या करप्रणालीत आहे, नव्या प्रणालीत नाही. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याजच 4 लाख 21 हजार आहे. जुन्या प्रणालीत तीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचा त्यातून उपकरासह 62,400 रुपये कर वाचतो. त्यासाठी चार लाखांवर व्याज भरत राहण्यात हशील नाही.

कर्ज दुसऱ्या बँकेत नेताना

पाच वर्षांनी शिल्लक 44 लाख 6 हजार. दुसरी बँक 8 टक्के देते. उरलेली मुदत 15 वर्षंच ठेवली तर एकूण सव्वादोन लाखांहून थोडं जास्त वाचतं. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, पुन्हा मुद्रांक शुल्क, वकील आणि मूल्यांकन वजा करा. पण फॉर्मवर मुदत पुन्हा 20 वर्षं लिहिली गेली, तर दर कमी होऊनही तुम्ही 10 लाखांहून जास्त रक्कम जादा भरता. हप्ता 36,857 झालेला बघून बरं वाटतं आणि तिथेच फसायला होतं. त्याआधी आपल्याच बँकेला नव्या ग्राहकांचा दर मागा. छोट्या कन्व्हर्जन फीवर स्प्रेड कमी करून देण्याची सोय बऱ्याच ठिकाणी असते.

कर्ज फिटल्यावर

मूळ कागदपत्रं 30 दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेच्या चुकीमुळे उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई द्यावी लागते. हा नियम 1 डिसेंबर 2023 पासून लागू आहे. नो ड्यूज सर्टिफिकेट घ्या, बोजा उतरल्याची नोंद दुय्यम निबंधक कार्यालयात आणि सोसायटीत करून घ्या, आणि महिन्या-दोन महिन्यांनी सिबिलमध्ये खातं बंद दिसतंय का ते तपासा.

तुमच्या कर्जाचा असाच हिशेब करून हवा असेल तर येताना सँक्शन लेटर, मुख्य तथ्यपत्रक, अलीकडचं लोन स्टेटमेंट आणि गेल्या वर्षीचं आयकर विवरणपत्र आणा. सहकर्जदार असेल तर दोघांनी मिळून या, कारण हप्ता किती वाढवायचा हे दोघांच्या पगारावर ठरतं.