आलेखी गणकयंत्रावर खेळ टाकणे

समीकरणांचे आलेख पडद्यावर काढणाऱ्या आणि आज्ञावली साठवू शकणाऱ्या गणकयंत्राच्या स्मृतीत बाहेरून आणलेला खेळ उतरवून तो तेथून चालवणे. कोल्हापूरकडे याला सरळ ‘गेम टाकणे’ म्हणतात. ‘प्रस्थापित करणे’ (इन्स्टॉल) हा परिभाषेतला शब्द विद्यार्थ्यांच्या तोंडी रुळला नाही. ‘टाकणे’ हे क्रियापद मात्र गणकयंत्राच्या आधीचे. संगणकात विंडोज टाकणे, मेमरी कार्डात गाणी टाकणे अशा दुकानी व्यवहारातून ते आले असावे. बाहेरची वस्तू आत जाते, ही छटा त्यात आहे आणि उगमाच्या वादात तीच उपयोगी पडते.

या प्रथेचा आरंभ कोठून धरावा याविषयी मतभेद आहेत. एक मत तो प्रोग्रॅमेबल गणकयंत्रांपर्यंत मागे नेते. १९७५ च्या एचपी-२५ या यंत्राच्या सोबतच्या पुस्तिकेत चंद्रावर यान उतरवण्याचा खेळ होता. यंत्रात जेमतेम ४९ पायऱ्या मावत, पडद्यावर फक्त आकडे दिसत आणि यंत्र बंद केले की आज्ञावली पुसली जाई. आलेख हा निकष लावणारे १९८५ च्या कॅसिओ एफएक्स-७०००जी या यंत्रापासून सुरुवात करतात. बाजारात आलेले हे पहिले आलेखी गणकयंत्र. आज्ञावलीसाठी त्यात ४२२ बाइट जागा होती, म्हणजे या नोंदीचा एखादा परिच्छेदही तीत मावला नसता. या दोन्ही यंत्रांत खेळ कागदावरून पाहून एकेक कळ दाबत भरावा लागे. ते लिहिणे झाले. त्याला टाकणे म्हणणे ओढूनताणून ठरेल.

दुसरे आणि अधिक प्रचलित मत टेक्सास इन्स्ट्रुमेंट्स (टीआय) या कंपनीच्या टीआय-८५ (१९९२) या यंत्राला अग्रमान देते. १९९० मधील टीआय-८१ ला जोडणीचे छिद्रच नव्हते. टीआय-८५ ला ते मिळाले. त्यातून यंत्राच्या संपूर्ण स्मृतीची प्रत संगणकावर घेता येई व परत भरता येई. परत भरताना आतल्या मजकुराची पडताळणी होत नसे. हौशी मंडळींनी या प्रतीत वापरकर्त्याच्या मेनूचा पत्ता बदलला. मग त्या मेनूची कळ दाबताच यंत्राचा झेड-८० हा प्रक्रियक (प्रोसेसर) कंपनीच्या आज्ञांऐवजी बाहेरचा यंत्रभाषेतील, म्हणजे प्रक्रियकाला थेट समजणाऱ्या आज्ञांचा, मजकूर चालवू लागे. या फटीवर उभे राहिलेले झेडशेल हे कवच (शेल, म्हणजे असे खेळ उघडून देणारी आज्ञावली) साधारणपणे १९९० च्या दशकाच्या मध्यातले मानले जाते. यंत्राच्या स्वतःच्या बेसिक या सोप्या आज्ञाभाषेतील खेळ रखडत चालत. यंत्रभाषेमुळे गोळीबाराचे आणि पडणाऱ्या विटांचे खेळ प्रथमच खेळण्याजोगे झाले.

तथापि एचपी-४८एसएक्स हे यंत्र १९९० मध्येच आले होते. त्याला संगणकाशी जोडणारी तार होती, शिवाय अवरक्त किरणांनी दोन यंत्रे एकमेकांशी बोलत. १३१ × ६४ बिंदूंचा पडदा आणि ३२ किलोबाइट स्मृती ही सामग्रीही खेळांना पुरेशी होती. केवळ ‘बाहेरून आत’ हीच कसोटी लावली तर टीआय-८५ चा पहिलेपणा टिकणे अवघड आहे. त्याच्या पदरात तो पडला, याचे कारण बहुधा अमेरिकन शाळांतील टीआय यंत्रांचा प्रसार हे असावे.

पुढे टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सने यंत्रभाषेतील खेळांना असलेला विरोध सैल केला. टीआय-८३ (१९९६) मध्ये यंत्रभाषा चालवणारी एक आज्ञा न सांगता ठेवलेली होती. १९९९ च्या टीआय-८३ प्लसमध्ये ती ‘एएसएम’ या नावाने उघडपणे यादीत आली. या यंत्राचा पडदा ९६ × ६४ बिंदूंचा, वापरायला मिळणारी रॅम सुमारे २४ किलोबाइट आणि तिच्याबरोबर १६० किलोबाइटची फ्लॅश स्मृती. खेळाची धारिका (फाइल) संगणकावरून टीआय कनेक्ट या प्रणालीने तारेवाटे पाठवतात. टीआय-८४ प्लसपासून (२००४) त्यासाठी यूएसबीही आले. नंतर प्रोग्रॅमच्या यादीतून किंवा मिराजओएससारख्या कवचातून खेळ उघडतात. रॅम पुसली की तेथील खेळ जातो, फ्लॅशमधला राहतो. एवढे ठाऊक नसल्याने बॅटरी बदलताना खेळ गमावणारे अनेक.

फ्लॅशमध्ये थेट बसणाऱ्या ‘अॅप’ना आणि कार्यप्रणालीला मात्र कंपनीच्या अंकीय स्वाक्षरीचे कुलूप होते. २००९ मध्ये टीआय-८३ प्लसच्या कुलपाची ५१२ बिटांची आरएसए संख्या (स्वाक्षरी जिच्यावर बेतलेली असते ती मोठी संख्या) एका हौशी प्रोग्रॅमरने घरच्या संगणकावर सुमारे ७३ दिवसांत अवयव पाडून फोडली. ज्या यंत्रावर शाळकरी मुले अवयव पाडायला शिकतात, त्याचेच कुलूप अवयव पाडून उघडले. कंपनीने प्रताधिकार कायद्याखाली नोटिसा काढल्या. इलेक्ट्रॉनिक फ्रंटियर फाउंडेशन या संस्थेने प्रोग्रॅमरांची बाजू घेतली. २०२० मध्ये परीक्षेतील गैरवापराची शक्यता पुढे करून टीआय-८४ प्लस सीईमधील यंत्रभाषेची सोय कंपनीने काढून घेतली. त्याच वर्षी ही सोय परत मिळवून देणारा आर्टिफिस हा हौशी मंडळींचा तोडगा निघाला. कॅसिओचा मार्ग निराळा. एफएक्स-९८६०जी या यंत्रासाठी विकसनाची साधने कंपनीनेच दिली. एफएक्स-सीजी५० (२०१७) संगणकाला जोडले की पेनड्राइव्हसारखे दिसते, त्यात धारिका डकवली की झाले.

कोल्हापुरात या प्रथेला शालेय आधार नाही. राज्य मंडळाच्या बारावीच्या परीक्षेत गणकयंत्र चालत नाही, तेथे लॉग टेबल असते. पदविकेच्या प्रश्नपत्रिकांवर प्रोग्रॅमेबल नसलेलेच गणकयंत्र चालेल अशी सूचना छापलेली असते. त्याच सूचनांत मोबाइलबरोबर पेजरलाही मनाई आहे. शिवाजी विद्यापीठाचा दंडकही प्रोग्रॅमेबल नसलेल्या यंत्राचाच. त्यामुळे अभियांत्रिकीच्या दप्तरात असतो तो कॅसिओ एफएक्स-९९१ च्या कुळातला सायंटिफिक. त्याला जोडणीचे छिद्र नाही, त्यात खेळ टाकता येत नाही. तरीही ‘ह्यात सापाचा गेम टाकून दे की’ ही मागणी हॉस्टेलवर नव्या मुलाकडून होतेच. सर्वेक्षणाच्या कामातले एफएक्स-५८००पी प्रोग्रॅमेबल असते आणि त्यात २८,५०० बाइट जागा असते, पण त्यातही खेळ आधी कोणीतरी हाताने भरावा लागतो. तो भरला की तारेने दुसऱ्या यंत्रात जातो.

खरे आलेखी यंत्र येथे पोचते ते बहुधा सॅट (अमेरिकेतील महाविद्यालयीन प्रवेशपरीक्षा) किंवा आयबी (आंतरराष्ट्रीय शालेय अभ्यासक्रम) यांच्या तयारीसाठी, नाहीतर परदेशातल्या मामा-काकांच्या बॅगेतून. इतरांची ओळख मोबाइलवरील वॅबिटएमूसारख्या अनुकारकातून (इम्युलेटर, म्हणजे गणकयंत्राची नक्कल करणारी प्रणाली) होते. त्यासाठी यंत्राच्या रॉमची, म्हणजे त्यात कायम भरलेल्या मूळ आज्ञावलीची, प्रत लागते आणि ती कंपनीच्या प्रताधिकाराखाली असते. तेथे पडणाऱ्या विटांचा खेळ दिसला की तो पूर्वी ‘९९९९ इन १’ असे छापलेल्या हातातल्या व्हिडिओ गेमवर खेळल्याचे अनेकांना आठवते. त्या यंत्रात मात्र टाकायचे काही नव्हते, सगळे आतच भरून यायचे.