चिपच्या पोटातला न पुसणारा कोपरा

मामांच्या गाडीतल्या नेव्हिगेशनचं अपडेट चालू होतं. कासला जाताना यवतेश्वरला गाडी थांबली आणि मामांनी सवयीने चावी काढली. तेव्हापासून स्क्रीनवर नुसता लोगो. साताऱ्यात पोवई नाक्याजवळच्या एका दुकानात निदान झालं: बोर्ड गेला, नवीन बसवा.

बोर्ड गेला नव्हता. लोगो दिसतो, म्हणजे सुरुवातीचा प्रोग्रॅम बहुतेक शाबूत असतो. अडतं ते पुढे. ही सगळी यंत्रणा फ्लॅश मेमरीत राहते. वहीत एखादं अक्षर खोडून तिथेच दुसरं लिहिता येतं, फ्लॅशमध्ये तसं चालत नाही. आधी अख्खा ब्लॉक पुसायचा, मगच त्यात नवं लिहायचं. नेमकी त्या मधल्या वेळात वीज गेली की जुनंही गेलेलं असतं आणि नवंही आलेलं नसतं.

पण प्रोसेसरच्या आत एक छोटा प्रोग्रॅम चिप घडवतानाच कोरलेला असतो. त्याला बूट रॉम म्हणतात. कुठलंही अपडेट त्याला पुसू शकत नाही. वीज मिळाली की सर्वांत आधी तोच जागा होतो आणि पुढचा प्रोग्रॅम शोधू लागतो. नेव्हिगेशन दाखवणाऱ्या अशा बऱ्याच अँड्रॉइड स्टिरिओंमध्ये ऑलविनर कंपनीच्या चिप असतात. त्यांचा बूट रॉम आतल्या फ्लॅशच्या आधी मेमरी कार्ड तपासतो. कार्डाच्या आरंभापासून 8 किलोबाइटवर 'ईगॉन' या अक्षरांची खूण आहे का आणि मजकुराची बेरीज जुळते का, एवढंच तो पाहतो. फाइलचं नाव, फोल्डर यांच्याशी त्याला देणंघेणं नाही.

म्हणूनच नव्या यंत्रणेची फाइल कार्डावर नुसती कॉपी करून काही होत नाही, आणि लोक इथेच हात टेकतात. इमेज, म्हणजे यंत्रणेची अख्खी प्रत, खास सॉफ्टवेअरने लिहावी लागते, म्हणजे प्रत्येक बाइट ठरल्या जागी बसतो. इमेजही त्याच मॉडेलची हवी, नाहीतर टच उलटा चालतो किंवा स्क्रीन काळीच राहते.

आम्ही अंगणात आधी इंजिन सुरू केलं, कार्ड नंतर घातलं. स्टार्टर फिरताना 12 व्होल्टची बॅटरी क्षणभर 9-10 व्होल्टपर्यंत उतरते, आणि कार्डावरून आतल्या फ्लॅशमध्ये लिहिणं चालू असताना तेवढा झटकाही नको होता. हिरवी पट्टी सरकत टोकाला गेली तसं मामांनी कार्ड उपसून खिशात टाकलं. ते आत राहिलं असतं, तर बूट रॉमने पुन्हा तेच आधी वाचलं असतं आणि पुसापुशी पहिल्यापासून सुरू झाली असती.