ब्लूज कविता

ब्लूज कविता : अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या ब्लूज गायनाचा साचा, बोली आणि वृत्ती लिखित कवितेत आणणारा काव्यप्रकार. न्यूयॉर्कच्या हार्लेम भागात १९२०च्या दशकात जी साहित्यचळवळ बहरली, तिच्यात तो घडला. लँग्स्टन ह्यूज आणि स्टर्लिंग ब्राउन हे त्याचे पहिले मोठे कवी. कृष्णवर्णीयांची अस्मिता, वारसा आणि चिवटपणा यांविषयी बोलणाऱ्या कविता पुष्कळ आहेत. ब्लूज कवितेचे वेगळेपण असे की या गोष्टी ती विषय म्हणून फारशा मांडत नाही. त्या तिच्या बांधणीतच असतात.

गाण्याची मुळे अमेरिकेच्या दक्षिणेतील कापसाच्या शेतांत आहेत. शेतात एकट्याने दिलेली लांब हाळी, टोळीने काम करताना म्हणायची श्रमगीते, चर्चमधील भक्तिगीते आणि पश्चिम आफ्रिकेतून आलेली ‘एकाने म्हणायचे, बाकीच्यांनी उत्तर द्यायचे’ ही रीत यांतून ब्लूज तयार झाले. गुलामगिरी १८६५ साली कायद्याने संपली. पण जमीन गोऱ्या मालकाची, पीक वाट्याने आणि वहीतले कर्ज कधी न फिटणारे, अशी स्थिती पुढे कित्येक दशके टिकली. साधारण १९१० ते १९७० या काळात सुमारे ६० लाख कृष्णवर्णीय दक्षिण सोडून शिकागो, डेट्रॉइट, न्यूयॉर्क अशा शहरांकडे गेले. आगगाडी, फलाट, पूर, रिकामी खोली, सोडून गेलेला माणूस या ब्लूजमधील नेहमीच्या गोष्टी या जगण्यातून आल्या आहेत. मॅमी स्मिथ यांची ‘क्रेझी ब्लूज’ ही ध्वनिमुद्रिका १९२० साली निघाली आणि खूप खपली. त्यानंतर मा रेनी, बेसी स्मिथ या गायिकांचे आवाज घरोघरी पोचले. कवींनी ब्लूज पुस्तकात शोधले नाहीत, ते कानाने घेतले.

सर्वांत रूढ साचा बारा ‘बार’चा, म्हणजे तालाच्या बारा खंडांचा आहे. एका बारात चार मात्रा, म्हणजे पूर्ण आवर्तन ४८ मात्रांचे. त्यात तीन ओळी बसतात, प्रत्येकीला १६ मात्रा. गाणारा सुमारे अर्ध्या भागात ओळ संपवतो. उरलेल्या जागेत गिटार किंवा पियानो उत्तर देतो. पहिल्या ओळीखाली आधारस्वराचा, म्हणजे षड्जाचा स्वरमेळ (एकाच वेळी वाजणारे स्वर) असतो. दुसऱ्या ओळीचे शब्द तेच, पण खालचा मेळ मध्यमाचा होतो आणि मग षड्जावर परततो. तिसरी ओळ पंचमापासून निघते आणि बहुधा मध्यमावरून घरी येते. गळ्यातला गंधार कोमल आणि शुद्ध यांच्या मधे कुठेतरी हलता असतो. पियानोच्या पट्टीत तो सापडत नाही.

कवीची खरी अडचण इथेच सुरू होते. गाण्यात दुसरी ओळ शब्दशः तीच असली तरी खालचा मेळ बदलल्यामुळे वेगळी ऐकू येते. कागदावर हा मेळ नाही, वाद्याचे उत्तरही नाही. म्हणून कवी दुसऱ्या ओळीत थोडासा फरक करतो : एखादे संबोधन घालतो, एक शब्द काढतो किंवा जोर हलवतो. नमुन्यादाखल एक कडवे :

गाडी सुटली शिकागोची, मागे धूर राहिला;
अगं, गाडी सुटली शिकागोची, नुसता धूर राहिला;
खिडकीतून त्यानं हात केला, तो शेजारणीनं पाहिला.

‘अगं’ वाढले आणि ‘मागे’ जाऊन ‘नुसता’ आला, एवढाच बदल. पण पहिल्या ओळीत जे केवळ घडले होते ते दुसरीत अंगाला लागते. तिसऱ्या ओळीत दुःखाचे स्पष्टीकरण नाही. तिथे एक नवी वस्तुस्थिती पुढे येते आणि तिच्यात हसूही आहे. यमक तिन्ही ओळींना एकच, आणि प्रत्येक ओळ मधल्या विरामावर दुभंगते. ह्यूज या विरामावरच ओळ तोडत आणि तीन ओळींचे कडवे सहा आखूड ओळींत छापत, म्हणजे दुसरी, चौथी आणि सहावी ओळ यमकाची. त्या तोडीमुळे वाचणाऱ्याला गायकाचा श्वास कुठे पडतो ते कळते. १९२७च्या आपल्या संग्रहात त्यांनी या साच्यावर छोटी टीप दिली आहे. तिच्यात ते सांगतात की ब्लूजची मनःस्थिती जवळजवळ नेहमी खिन्न असते, पण गाणे सुरू झाले की लोक हसतात. हा प्रकार समजून घ्यायला ही टीप पुष्कळशा समीक्षेपेक्षा उपयोगी आहे.

ह्यूज यांच्या ‘द वेअरी ब्लूज’ या कवितेला १९२५ साली ‘ऑपॉर्च्युनिटी’ मासिकाच्या स्पर्धेत पहिले पारितोषिक मिळाले. त्याच नावाचा संग्रह १९२६ साली आला. कवितेत हार्लेममधील एक पियानोवादक रात्री उशिरापर्यंत गातो, आणि त्याच्या तोंडी ह्यूज यांनी बालपणी कॅन्ससमध्ये ऐकलेले ब्लूजचे कडवे आहे. कवीचे निवेदन आणि गायकाचे गाणे एकाच कवितेत शेजारी ठेवण्याची ही रचना पुढे अनेकांनी वापरली. स्वागत मात्र एकमुखी नव्हते. १९२७चा संग्रह कृष्णवर्णीयांच्याच काही वृत्तपत्रांनी कचरा ठरवला. दारू, कर्ज, मारहाण यांच्या कविता छापून आपलीच बदनामी होते, असा त्यांचा आक्षेप होता. शिकलेल्या मध्यमवर्गाची ती भीती समजण्यासारखी आहे. पण मोलकरणी, हमाल, लिफ्टवाले यांच्या तोंडची भाषा कवितेच्या तोलाची आहे हा ह्यूज यांचा आग्रहच काळाने खरा ठरवला.

स्टर्लिंग ब्राउन यांचा ‘सदर्न रोड’ हा संग्रह १९३२ सालचा. त्यातील शीर्षककविता साखळदंडातील कैद्यांचे घणगीत आहे. ओळीच्या मधे येणारा हुंकार म्हणजे घण पडण्याचा क्षण. त्याच्या आधीचे शब्द घण उचलायला लागतो तेवढ्याच वेळाचे. ही लय ध्यानात न घेता कविता सलग वाचली तर निम्मी हातची जाते. त्यांच्या ‘मा रेनी’ या कवितेत गावोगावचे लोक तिला ऐकायला जमतात आणि पुराचे गाणे ऐकून माना खाली घालून रडतात. ब्राउन यांनी हॉवर्ड विद्यापीठात सुमारे ४० वर्षे शिकवले, त्यामुळे पुढच्या पिढ्यांवर त्यांचा प्रभाव थेट आहे.

बोलीचा प्रश्न या कवितेत सतत येतो. कृष्णवर्णीय कवी जेम्स वेल्डन जॉन्सन यांनी १९२२ साली लिहिले की छापील बोलीला विनोद आणि करुणा असे दोनच सूर उरले आहेत. गोऱ्यांच्या विदूषकी नाटकांनी तिची ती गत केली होती. दहा वर्षांनी ब्राउन यांच्या संग्रहाची प्रस्तावना लिहिताना त्यांनी ब्राउन यांच्या बोलीचे मनापासून कौतुक केले. फरक कशाने पडला? ब्राउन यांनी उच्चार दाखवण्यासाठी शब्दांची मोडतोड मर्यादित ठेवली आणि भर दिला तो वाक्यरचनेवर, म्हणींवर, लयीवर. नवोदितांच्या हातून हेच उलटे होते : शब्द वाकडे लिहिले जातात आणि वाक्य पुस्तकी राहते. दुसरी नेहमीची चूक म्हणजे तिसऱ्या ओळीत तात्पर्य सांगणे. तिसरी, पाच-सहा कडवी एकाच प्रसंगावर रेटणे. गाण्यात कडवी सुटी असतात, एका गाण्यातून दुसऱ्यात जातात, त्यामुळे प्रत्येक कडव्याने वेगळ्या बाजूने यायला हवे.

पुढच्या कवींनी साचा मोडूनही वृत्ती ठेवली. १९५० साली पुलित्झर पारितोषिक मिळवणाऱ्या पहिल्या कृष्णवर्णीय लेखिका ग्वेंडोलिन ब्रुक्स, १९६०च्या दशकातील कृष्णवर्णीय लेखक-कलावंतांच्या ब्लॅक आर्ट्स चळवळीचे अमिरी बराका आणि सोनिया सांचेझ, पुढे शर्ली अ‍ॅन विल्यम्स आणि २०१७ साली पुलित्झर मिळालेले टायहिंबा जेस ही यातली ठळक नावे.

महाराष्ट्राशी या परंपरेचा दुवा खरा आहे, पण तो वृत्तीचा आहे, साच्याचा नव्हे. म. ना. वानखेडे आणि जनार्दन वाघमारे यांनी अमेरिकेतील कृष्णवर्णीयांचे साहित्य मराठी वाचकांपुढे आणले. १९७२ साली मुंबईत स्थापन झालेल्या दलित पँथरने नाव ब्लॅक पँथर या अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या लढाऊ संघटनेवरून घेतले. दलित कवींनी मात्र मुख्यतः मुक्तछंद निवडला. मराठीत ब्लूजचा साचा आणताना एक अडचण येते : वाक्य क्रियापदाने संपत असल्याने ‘गेला–आला’ अशी फुकट यमके जुळतात आणि तिसऱ्या ओळीचा धक्का जातो. यमक नामावर किंवा अव्ययावर नेले, अथवा क्रियापदच अनपेक्षित ठेवले, की तो परत येतो.