यू सो-चाऊ

यू सो-चाऊ (हा कँटोनीज, म्हणजे हाँगकाँगकडच्या बोलीतला उच्चार; मँडरिन या चीनच्या प्रमाणभाषेत यू सूच्यू) ही हाँगकाँगच्या ब्लॅक अँड व्हाइट काळातली तलवारबाज हिरॉइन. जन्म १९३० चा, बीजिंगचा, निधन २०१७. पन्नास-साठच्या दशकात तिने दीडशेच्या वर पिक्चर केले, बहुतेक कँटोनीज, आणि गंमत म्हणजे बाई मूळची उत्तरेकडची, कँटोनीज ही काही तिची घरची भाषा नव्हे.

आज तिचं नाव निघतं ते बहुतेक वेळा वडलांमुळे. यू जिम-युएन म्हणजे पेकिंग ऑपेराचे (गाणी, नाच, कसरती असलेलं चिनी रंगभूमीचं नाटक) ते कडक मास्तर, ज्यांच्या हाँगकाँगच्या शाळेत जॅकी चॅन, सॅमो हंग, युएन बियाओ ही पुढे फाइट-पिक्चरची स्टार झालेली पोरं मार खात खात कोलांट्या शिकली. पण हे उलटं झालंय खरं तर, कारण १९६१ च्या सुमारास जॅकी तिथे भरती झाला तेव्हा तो चिल्लर पोरगा होता आणि मास्तरांची लेक आधीच स्टार होती.

ऑपेरात तिची लाइन 'वूदान', म्हणजे लढणाऱ्या बाईचा रोल. यात चारी बाजूंनी भाले फेकतात आणि मधे उभ्या नटीने ते पायाने, पाठीमागे वळवलेल्या टाचेनेसुद्धा, परत उडवायचे, तेही ढोल-झांजेच्या ठेक्यावर, एक जरी खाली पडला तरी अख्ख्या थिएटरला दिसणार. असं ट्रेनिंग असलेली बाई कॅमेऱ्यासमोर आली की डुप्लिकेट लागतोच कशाला!

त्या काळचे कँटोनीज वूशिया (तलवारबाज वीरांचे) पिक्चर म्हणजे कमी बजेट, भराभर शूटिंग, पुठ्ठ्याच्या गुहा, आणि हातातून निघणारी 'शक्ती' दाखवायला थेट फिल्मवर काढलेल्या पांढऱ्या रेघा. १९६४ चा बुद्धाच्या पंजावरचा पिक्चर याचा फेमस नमुना, त्यात ती नट त्सो तात-वाह सोबत आहे. ही जोडी तर इतक्या वेळा आली की लोकांना ते खरे नवरा-बायकोच वाटले असतील. आता बघताना रेघांवर हसू येतं, पण ती तलवार फिरवून पोझमध्ये थांबते ना, तिथे हसू थांबतं. त्या वेळच्या आठ नट्यांनी एकमेकींना बहिणी मानून 'आठ पिओनी' (पिओनी हे एक फूल) असा ग्रुप केला होता, त्यातली ही एक.

१९६६ मध्ये तिने कँटोनीज ऑपेराचा स्टार माक बिंग-विंगशी लग्न केलं आणि पिक्चर सोडले. त्याच वर्षी डायरेक्टर किंग हूच्या मँडरिन, रंगीत पिक्चरमधून चेंग पेई-पेई ही नटी गाजली, ती बॅले शिकलेली, आणि मँडरिन पिक्चर काढणाऱ्या बड्या शॉ ब्रदर्स स्टुडिओच्या पैशापुढे कँटोनीज पिक्चर पुढच्या पाच-सहा वर्षांत जवळजवळ बंदच पडले. यू नंतर अमेरिकेत स्थायिक झाली.

नेटवर शोधायचं तर नुसत्या एका उच्चारावर जाऊ नका, कँटोनीज आणि मँडरिन दोन्ही टाकून बघा, नाहीतर अर्धे पिक्चर सापडतच नाहीत.