जेएनआय लायब्ररी

जेएनआय लायब्ररी म्हणजे सी किंवा सी प्लस प्लसमध्ये लिहिलेली, त्या त्या ऑपरेटिंग सिस्टमसाठी वेगळी कंपाइल केलेली (मशीनच्या भाषेत बदललेली) फाइल, जी जावा या प्रोग्रामिंग भाषेतला प्रोग्राम चालू असताना लोड करतो आणि तिच्यातली फंक्शन्स स्वतःचीच असल्यासारखी वापरतो. विंडोजवर ती डीएलएल असते, लिनक्सवर एसओ, मॅकवर डायलिब, जुन्या मॅकवर जेएनआयलिब असंही एक्स्टेन्शन दिसायचं. जेएनआय म्हणजे जावा नेटिव्ह इंटरफेस. जावाची जार फाइल (प्रोग्राम ज्यात बांधून देतात ती) कुठेही उचलून नेली तरी चालते, ही फाइल मात्र एका सिस्टमची आणि एकाच जातीच्या प्रोसेसरची असते, आणि डेस्कटॉपवर जावाचं जे काही अडतं त्यातलं बरंचसं इथेच अडतं.

अशा फाइली आपण कधी मुद्दाम वापरत नाही असं वाटतं, पण जावा इन्स्टॉल केलं की त्याच्या लिब (विंडोजवर बिन) फोल्डरमध्ये त्या ढिगाने येतात. स्विंगच्या (जावाची खिडक्या-बटणं बनवायची सोय) खिडकीत 'क्ष' किंवा 'र्‍या' नीट जोडून दिसतं ते लिबफाँटमॅनेजर नावाच्या अशाच एका फाइलमुळे. जावा ९ पासून (२०१७) अक्षरजुळणीसाठी हार्फबझ हे इंजिन घेतलं, त्याआधी आयसीयू नावाच्या लायब्ररीचं होतं. म्हणजे मराठी अक्षर पडद्यावर उमटायलाही जावाला सी भाषेतल्या कोडचाच हात धरावा लागतो.

जेएनआय आलं जेडीके (जावाचं डेव्हलपमेंट किट) १.१ सोबत, १९९७ साली. त्याआधी जो तो आपापली पद्धत वापरायचा, नेटस्केप या ब्राउझरवाल्या कंपनीची जेआरआय होती, मायक्रोसॉफ्टची आरएनआय, आणि एकासाठी लिहिलेली लायब्ररी दुसऱ्याच्या जावात चालायची नाही. जावा बनवणाऱ्या सन कंपनीने सगळ्यांसाठी एकच इंटरफेस ठरवला. मायक्रोसॉफ्टने आपल्या जावात तो दिला नाही, तेव्हा ऑक्टोबर १९९७ मध्ये सनने जो दावा लावला त्यात जेएनआय नसणं ही एक मुख्य तक्रार होती, आणि नोव्हेंबर १९९८ मध्ये कोर्टाने मायक्रोसॉफ्टला जेएनआयचा सपोर्ट द्यायचा हुकूम केला. इतक्या आतल्या तांत्रिक गोष्टीवर कोर्टात भांडण व्हावं यावरूनच तिचं महत्त्व कळतं.

काम कसं चालतं ते सोपं आहे. जावाच्या क्लासमध्ये मेथडला नेटिव्ह हा शब्द लावायचा, आत काहीच लिहायचं नाही, मग जावा कंपायलरकडून सीची हेडर फाइल (फंक्शनांच्या नावांची यादी) काढून घ्यायची (पूर्वी याला जावाएच नावाचं वेगळं टूल होतं, जावा १० मध्ये ते काढून टाकलं), आणि त्या हेडरमधल्या नावानेच सीमध्ये फंक्शन लिहायचं. नाव लांबलचक असतं, आधी जावा, मग पॅकेज, क्लास, मेथड, सगळं अंडरस्कोरने जोडून. पॅकेजचं नाव बदललं आणि लायब्ररी पुन्हा बनवली नाही तर फाइल सापडते पण फंक्शन सापडत नाही. लोड करताना जावात फक्त मधलं नाव द्यायचं, पुढचं 'लिब' आणि मागचं एक्स्टेन्शन सिस्टम बघून जावाच लावतं.

डेस्कटॉप सॉफ्टवेअरशी जोडणीचं चांगलं उदाहरण म्हणजे ओपनऑफिस आणि २०१० मध्ये त्यातून फुटलेलं लिबरऑफिस. यात ऑफिसबीन नावाचा भाग आहे, त्याने जावाच्या प्रोग्रामच्या खिडकीत रायटर किंवा कॅल्कचं डॉक्युमेंट जसंच्या तसं बसवता येतं. जावाला आपल्या खिडकीचा खरा सिस्टममधला नंबर माहीत नसतो, तो लिबऑफिसबीन ही लायब्ररी काढून देते, आणि त्यासाठी ती जावाच्याच लिबजेएडब्ल्यूटी या लायब्ररीला विचारते. तो नंबर ऑफिसला दिला की ऑफिस त्या चौकटीत स्वतःचं चित्र काढतं. दोघांमधलं बोलणं पाइपमधून (एकाच मशीनवरच्या दोन प्रोग्राममधला थेट रस्ता) करायचं असेल तर त्यासाठी जेपाइप नावाची आणखी एक लायब्ररी आहे.

आता लिनक्सवर हे करताना हमखास येणारा एरर बघा. अनसॅटिस्फाइड लिंक एरर, पुढे लिबऑफिसबीनचा पूर्ण पत्ता, आणि मग कोलन देऊन, लिबजेएडब्ल्यूटी उघडता आली नाही. माणूस पहिलं नाव वाचतो, फोल्डर उघडून बघतो तर फाइल तिथे आहे, परवानगी पण आहे, मग तासभर जावा.लायब्ररी.पाथ (जावा लायब्ररी कुठे शोधतं ती सेटिंग) बदलत बसतो. पण अडलंय दुसऱ्या नावावर! जावा.लायब्ररी.पाथ फक्त पहिल्या फाइलसाठी असतो, त्या फाइलला आणखी ज्या फाइली लागतात त्या शोधायचं काम सिस्टमचा लिंकर करतो आणि त्याला जावाचा पाथ माहीतच नसतो. त्याच्यासाठी एलडी लायब्ररी पाथ ही सिस्टमची सेटिंग लावावी लागते, किंवा कोडमध्ये आधी जेएडब्ल्यूटी लोड करून मग ऑफिसबीन. एलडीडी कमांड चालवली की कुठली फाइल नॉट फाउंड आहे ते एका ओळीत दिसतं. एरर शेवटपर्यंत वाचा, हे मी प्रत्येक नवीन माणसाला पहिल्या दिवशी सांगतो.

दुसरी मोठी अडचण ३२ आणि ६४ बिटची. ६४ बिट जावा ३२ बिटची लायब्ररी उचलूच शकत नाही, विंडोज ६४ बिटची आहे का याने काही फरक पडत नाही, जावा कुठली आहे ते महत्त्वाचं. आपल्याकडे सीए लोकांच्या ऑफिसात डिजिटल सहीचा यूएसबी टोकन असतो, जावाचा प्रोग्राम त्या टोकनशी पीकेसीएस ११ (अशा टोकनांशी बोलायची ठरलेली पद्धत) च्या लायब्ररीतून बोलतो. मी एका ऑफिसात टेंडरच्या शेवटच्या दिवशी संध्याकाळी बघितलंय, टोकन लागलेला, ड्रायव्हर टाकलेला, लाइट पेटलेला, पण सही होईना, आणि कारण एवढंच की ड्रायव्हरने ३२ बिटची डीएलएल टाकली होती आणि मशीनवर जावा ६४ बिटची होती. तिथे टोकन बदलून काही होणार नव्हतं, ३२ बिट जावा टाकल्यावर पाच मिनिटांत सही झाली.

एक्लिप्स या प्रोग्राम लिहायच्या सॉफ्टवेअरची एसडब्ल्यूटी ही खिडक्या-बटणं बनवायची लायब्ररी (२००१ मध्ये आयबीएमने एक्लिप्स खुलं केलं त्यातली) या बाबतीत जरा शहाणी आहे. तिची नेटिव्ह फाइल जारच्या आतच असते आणि लिनक्सवर पहिल्यांदा चालवताना होम फोल्डरमधल्या लपलेल्या डॉट एसडब्ल्यूटी फोल्डरमध्ये ती काढली जाते. फक्त होमचं पार्टिशन नोएक्झेकने (इथली फाइल चालवायची नाही अशा सेटिंगने) माउंट केलं असेल तर फाइल तिथे असूनही लोड होत नाही. जेएनए, जे सी न लिहिता लायब्ररी वापरू देतं, ते एका तात्पुरत्या फोल्डरमध्ये फाइल काढतं, तिथेही हीच गत.

आणि एक धोका लक्षात ठेवायलाच हवा, जावातल्या चुकीला एक्सेप्शन येतं आणि ते पकडता येतं, पण नेटिव्ह फंक्शनने चुकीच्या मेमरीला हात लावला तर सगळी जेव्हीएम (जावाचा प्रोग्राम चालवणारं इंजिन) एका झटक्यात बंद पडते, युजरचं सेव्ह न केलेलं काम जातं आणि मागे एचएस एरर पीआयडी नावाची एक लॉग फाइल उरते. त्या फाइलमध्ये प्रॉब्लेमॅटिक फ्रेम म्हणून ओळ असते, तिथे लायब्ररीचं नाव लिहिलेलं असतं, बग रिपोर्ट करताना ती फाइल पूर्ण जोडावी.

मार्च २०२४ च्या जावा २२ मध्ये पनामा या जावाच्याच प्रोजेक्टचा नवीन एपीआय (फंक्शन्स बोलवायची ठरलेली पद्धत) पक्का झाला, त्यात मधला सीचा कोड न लिहिता थेट जावातूनच लायब्ररीतलं फंक्शन बोलावता येतं. लायब्ररीची फाइल मात्र लागतेच, आणि ती ३२ की ६४ हा प्रश्नही तसाच राहतो. जावा २४ पासून तर जुनं जेएनआय वापरणारा प्रोग्राम सुरू केला की वॉर्निंग येते, इनेबल नेटिव्ह अ‍ॅक्सेस हा ऑप्शन देऊन परवानगी द्या म्हणून, आणि पुढच्या एखाद्या आवृत्तीत परवानगी नसेल तर लोडच करू द्यायचं नाही असं ठरलेलं आहे.