संकलक दुलाल दत्त होते

सत्यजित राय पटकथा लिहीत, ‘तीन कन्या’पासून (१९६१) संगीतही देत, पुढे कॅमेराही स्वतः चालवू लागले. त्यावरून एक समज पक्का रुजलाय: रायांचे चित्रपट कॅमेऱ्यातच संकलित होत, संकलकाला फक्त तुकडे चिकटवायचे असत.

हे खरं नाही. ‘पथेर पांचाली’पासून (१९५५) ‘आगंतुक’पर्यंत (१९९१) त्यांच्या प्रत्येक कथापटाचे संकलक एकच, दुलाल दत्त.

समजात तथ्याचा एक कण आहे. राय आपल्या लाल कापडी बांधणीच्या वह्यांत दृश्यं आधीच रेखाटून ठेवत आणि चित्रीकरण काटकसरीने करत. पण फिल्म कमी असली की संकलकाचं काम सोपं होतं, असं कोण म्हणतं? उलट, पर्यायी शॉट नसतो. आहे त्याच शॉटमध्ये नजर कुठे वळते, श्वास कुठे संपतो, हे पाहून नेमकी फ्रेम निवडावी लागते. त्या काळी फिल्मचे तुकडे ‘सिमेंट’ नावाच्या चिकटद्रवाने जोडताना फ्रेम वाया जायची. चूक महागात पडे.

‘पथेर पांचाली’ मे १९५५मध्ये न्यू यॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्ये दाखवायचा होता. त्यासाठी शेवटचे दिवस राय आणि दत्त दोघांनी रात्रंदिवस संकलनात घालवले. मुलगी दुर्गा गेल्याचं ठाऊक नसलेला हरिहर घरी परततो, तिच्यासाठी आणलेली साडी दाखवतो आणि त्याची बायको सर्वजया कोसळते, तेव्हा तिचा आवाज ऐकू येत नाही. तिथे तारशहनाई हे तंतुवाद्य वाजतं. चित्र आणि ध्वनी यांचा असा मेळ संकलनाच्या टेबलावरच जुळतो.

अंतिम शब्द रायांचा असे, हे मान्य. पण छत्तीस वर्षं शेजारी बसलेला माणूस निव्वळ कात्री नव्हता. दत्त २०१०मध्ये गेले.