बदकांची शिकार

बदकांची शिकार : पाणथळ जागी उतरणाऱ्या रानबदकांना लपणात बसून, बनावट बदकांच्या आमिषाने जवळ आणून, छऱ्यांच्या बंदुकीने उडताना टिपण्याची पद्धत. उत्तर अमेरिका, युरोपातील बरेच देश, न्यूझीलंड आणि ऑस्ट्रेलियाची काही राज्ये येथे ती परवान्याने चालते. भारतात वन्यजीव संरक्षण कायद्याखाली तिला बंदी आहे. या शिकारीत बंदूक चालवण्याचा वेळ सर्वांत थोडा. वारा, पाणी आणि पाखरू ओळखण्यातच सकाळ जाते, आणि शिकाऱ्याची पारख होते ती त्याने कोणते बार काढले नाहीत यावरून.

आमिष : अमेरिकेच्या नेव्हाडा राज्यातील लव्हलॉक गुहेत १९२४ मध्ये लव्हाळ्यांच्या जुड्या बांधून केलेली अकरा बनावट बदके सापडली. ती सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीची आहेत आणि त्यांचा आकार पाहताच कॅनव्हासबॅक हे बदक ओळखू येते. आजची प्लॅस्टिकची बदके (डिकॉय) त्याच तत्त्वावर चालतात : खाली पाखरे निवांत दिसली की वरची उतरतात. लहान तळ्यावर सहा ते बारा पुरतात. मोठ्या उघड्या पाण्यावर काही डझन लागतात. बदके वाऱ्याच्या तोंडाकडे उतरतात, म्हणून वारा पाठीवर किंवा आडवा घेऊन बसावे आणि मांडणीत लपणापासून पंधरा ते वीस मीटरवर मोकळी जागा सोडावी. ही जागा बुजली की थवा घिरट्या घालतो, पण टेकत नाही. सर्वांत दूरचे डिकॉय पस्तीस मीटरवर ठेवावे. त्यापलीकडच्या पाखरावर बार नाही, ही खूण डोळ्यांसमोर राहते. वारा पडला की निश्चल डिकॉय संशय वाढवतात. अशा वेळी एक-दोघांना दोरी बांधून लपणातून हिसके द्यावेत, म्हणजे पाण्यावर तरंग उठतात. पहाटे त्यांच्या पाठीवर हिम साचून चकाकते. ते पुसावेच लागते.

लपण त्याच जागेच्या गवताने झाकावे. दुसरीकडून आणलेले पाणकणीस रंगाने वेगळे पडते. तरीही सर्वांत जास्त घात करतो तो वर पाहणारा उजळ चेहरा. सूर्य पाठीशी असला तर शिकाऱ्याला पाखराचे रंग दिसतात आणि पाखराचे डोळे दिपतात.

आवाज : मॅलार्ड या रानबदकाचा खणखणीत ‘क्वॅक’ फक्त मादीचा, नराचा आवाज खरखरीत आणि दबका. कॉल या फुंकायच्या शिट्टीवर मादीची नक्कल करतात. नियम साधा आहे : थवा पाठ फिरवून जात असेल तर बोलवा, तोंड करून येत असेल तर गप्प राहा. हंगाम सरत आल्यावर पाखरांनी हा आवाज इतका ऐकलेला असतो की कॉल खिशात ठेवणेच बरे.

ओळख : प्रकाश पुरेसा येईपर्यंतचा तास या शिकारीतला सर्वांत सुंदर. आधी पंखांची शिट्टी ऐकू येते, मग पाण्यावर पाय घासल्याचा सुळकन आवाज, आणि मग आकार दिसू लागतात. अमेरिकेत सूर्योदयाच्या अर्धा तास आधीपासून बार काढायला परवानगी असते. पण ढगाळ सकाळी त्या वेळी नर-मादी कळत नाही, म्हणून घड्याळापेक्षा डोळ्यांवर भिस्त ठेवावी. तरंगत चरणारी बदके (मॅलार्ड, थापट्या, टील) पाण्यावरून सरळ उसळतात. बुड्या मारणारी बदके उडण्याआधी पाण्यावर धावतात. टीलचा थवा घट्ट आणि एकदम वळणारा. पिनटेल लांब मानेचे आणि टोकदार शेपटीचे. शरद ऋतूच्या सुरुवातीला पिसे बदललेला मॅलार्ड नर मादीसारखाच तपकिरी दिसतो. तेव्हा फरक चोचीत असतो : नराची पिवळसर, मादीची नारिंगीवर काळे डाग असलेली. अनेक ठिकाणी किती माद्या माराव्यात याची मर्यादा वेगळी असते. ऑस्ट्रेलियातील व्हिक्टोरिया राज्यात तर पाणपक्षी ओळखण्याची परीक्षा दिल्याशिवाय परवाना मिळत नाही. हा नियम सगळीकडे हवा.

बार : उडते बदक ताशी ६५ ते ९५ किलोमीटर वेगाने जाते. बहुतेक बार मागे पडतात, कारण घोडा ओढताना नवखा नळी थांबवतो. त्याहून वाईट चूक म्हणजे थव्याकडे पाहून बार काढणे. निवडलेले एकच पाखरू दिसले पाहिजे आणि त्याच्या मागे दुसरे नसावे, नाहीतर एकदोन छरे खाऊन उडून गेलेले पाखरू दूर कुठेतरी मरते आणि ते कोणाच्याच हिशेबात येत नाही. पन्नास-साठ मीटरवरच्या बदकांवर काडतुसे उधळणारा शेजारी सगळ्या पाणथळीची सकाळ नासवतो. डोळा आणि पायांचा रंग स्पष्ट दिसला, पंख आवळून पाय खाली आले, की ते पाखरू टप्प्यात आहे असे समजावे.

पडलेले पाखरू हाती येईपर्यंत दुसऱ्यावर नेम धरू नये. ते कोणत्या झुडपाच्या रेषेत पडले हे नजरेत पक्के करावे. पाण्यावर मान वर धरून पोहणारे जखमी बदक लगेच दुसऱ्या बाराने संपवावे. नाहीतर ते बुडी मारते आणि लव्हाळ्यात फक्त चोच वर ठेवून दडते. दाट पाणकणसावरून जाणारे पाखरू सोडून द्यावे. लॅब्राडोर किंवा चेसापीक बे रिट्रीव्हरसारखा शिकवलेला कुत्रा हरवणारी पाखरे पुष्कळ कमी करतो. त्याचे दोन गुण महत्त्वाचे : हुकूम होईपर्यंत जागचे न हलणे आणि पाखरू न चावता आणणे.

छरे : तळाच्या चिखलातले शिशाचे छरे बदके खडे समजून गिळतात. ते पेषणीत (दाणे दळणाऱ्या जठरात) झिजतात आणि थोडक्याच छऱ्यांनी पाखरू विषबाधेने मरते. त्याला खाणाऱ्या गरुडालाही ते विष बाधते. अमेरिकेत १९९१ पासून पाणपक्ष्यांसाठी शिसे बंद झाले. युरोपीय संघात पाणथळीत आणि तिच्यापासून १०० मीटरपर्यंत २०२३ पासून बंदी आहे. पोलादाची घनता ७.८, शिशाची ११.३, त्यामुळे पोलादी छऱ्याचा जोर लवकर ओसरतो. शिशाचे ४ नंबर वापरणाऱ्याने पोलादाचे २ नंबर घ्यावेत (नंबर लहान तितका छरा मोठा) आणि चोक (नळीच्या तोंडाचा निमुळता भाग) फार आवळ ठेवू नये.

नियम : एकोणिसाव्या शतकात बाजारासाठी शिकार करणारे नावेवर बसवलेल्या अजस्र बंदुकीने एका बारात डझनावारी बदके पाडत. भरतपूरला १९३८ मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड लिनलिथगो यांच्या शिकारीत एका दिवसात ४,२७३ पाखरे मारली गेली. अमेरिकेत १९१८ च्या स्थलांतरित पक्षी कायद्याने बाजारू शिकार संपली. १९३५ मध्ये जिवंत बदकांचे आमिष आणि दाणे टाकणे बंद झाले आणि बंदुकीत तीनच काडतुसांची मर्यादा आली. १९३४ पासून शिकाऱ्याला ‘डक स्टॅम्प’ घ्यावा लागतो. तेव्हा एक डॉलरचा असलेला हा स्टॅम्प आता पंचवीसचा आहे आणि त्यातले ९८ टक्के पाणथळी राखण्याला जातात. ब्रिटनमध्ये कडाक्याची थंडी लांबली की शिकार थांबवतात, कारण चरण्याच्या जागा गोठतात आणि उडताना खर्च झालेली चरबी भरून येत नाही. कायद्यात नसलेला एक संकेतही जुने शिकारी पाळतात : बदके रात्री मुक्काम करतात त्या तळ्यावर बार काढायचा नाही. तेथून हुसकलेले थवे तो परिसरच सोडतात.

धोके : कमरेचा पट्टा न आवळता घातलेल्या वेडरमध्ये (पाण्यात उतरण्याच्या छातीपर्यंतच्या जलरोधक विजारीत) पाणी भरते. लहान नावेत माणसे, कुत्रा आणि डिकॉय एकदम लादू नयेत. लपणात दोघे असतील तर प्रत्येकाने आपली बाजू आधी ठरवावी आणि नळी शेजाऱ्याच्या डोक्यावरून फिरवू नये.

मांस : उबदार दिवशी पाखरांचा ढीग करू नये, एकेक सुटे टांगावे आणि आतडी लवकर काढावीत. सोलण्यापेक्षा पिसे उपटावीत, म्हणजे चरबीची कातडी राहते. छरा ज्या वाटेने शिरला तिथे पिसे आत ओढली गेलेली असतात, ती चाचपून काढावीत. छातीचे मांस मध्यभागी गुलाबी असतानाच आचेवरून उतरवावे. जास्त शिजले की त्याला कलेजीची चव येते. घरी नेईपर्यंत पिसांसकट एक पंख किंवा डोके अंगाला ठेवावे, म्हणजे तपासणीत जात ओळखता येते. पायात कडे असेल तर त्यावरचा क्रमांक पक्षी-वलयांकन केंद्राला कळवावा.